शकूमावशीची सावड

जूचंद्रला मी ज्या घरात वरची खोली भाड्याने घेतली आहे, त्या घराची मालकीण दुपारच्या वेळी भूत असते. हे मला एजंटाने सांगितलं नव्हतं. राहायला आलो त्याच आठवड्यात एकदा खालून आवाज आला, "पळतंस कुठं? ये, ये, वाट बघतेय मी." मी जिन्यातच थांबलो. खाली डोकावलो तर शकूमावशी कानाला हेडफोन लावून, मांडीवर मेथीची जुडी घेऊन कॉम्प्युटरसमोर बसलेल्या. एका हातात माउस, दुसऱ्या हाताने मेथी निवडणं चालू.

"घाबरलास काय रे?" त्या म्हणाल्या. "तुला नाय बोलले. तो मेलाय आता."

शकूमावशी साठीच्या आसपासच्या. जन्म खाडीकडेचा, लग्न खाडीकडेच, आणि मधली सगळी वर्षं गुडघाभर चिखलात भात लावण्यात गेली. आता त्या शेतावर सात मजली इमारत आहे आणि गुडघ्यांमुळे डॉक्टरांनी बसून राहायला सांगितलंय. नवरा, म्हणजे हरेश्वरकाका, ओटीवरच्या झोपाळ्यावर असतात. कॉम्प्युटर पुतण्याचा, धनेशचा. लग्न झाल्यावर तो विरारला फ्लॅटमध्ये गेला. बायको रचना म्हणाली, घरात एक तर मी राहीन नाही तर ते भूत. धनेशने बराच विचार करून भूत काकूकडे ठेवलं.

ते भूत म्हणजे 'हॉलो मिल' नावाचा ऑनलाइन गेम. बंद पडलेली एक गिरणी. तिच्यात चार कामगार अडकलेत आणि एक मेलेला मुकादम त्यांच्या मागावर आहे. कामगारांनी चार कंदील लावले की भोंगा वाजतो, फाटक उघडतं आणि ते सुटतात. त्याआधी मुकादमाने त्यांना गाठून हातातली लोखंडी आकडी मारायची. पाचही जण वेगवेगळ्या घरांत बसलेली खरी माणसं. कधीकाळी पोरांनी या गेमसाठी कॉलेजं बुडवली. आता ती पोरं होमलोनवाली झाली, आणि गेमवर उरला एकच मजकूर: 'खेळाडू शोधत आहोत.'

मावशी कायम मुकादम. आणि चांगल्या मुकादम. बाकीची पोरं कामगाराच्या मागे धावतात, मावशी धावत नाहीत. "भूत कदी पळतं काय? ते वळनावर उभं ऱ्हातं," असं त्यांचं म्हणणं. पण वळणावर उभं राहायला आधी पाच माणसं जमायला हवीत ना. लॉबीत, म्हणजे सामना सुरू होण्याआधी थांबतात तिथे, आकडा दोनवर अडकलेला असायचा. कधी तिसरा यायचा आणि कंटाळून जायचा. तेवढ्यात मावशींची मेथी संपून लसूण सोलून व्हायचा.

लॉबीत एकमेकांशी बोलता येतं. एकदा तिथे एक पोरगा आला.

"कोन रे तू?" मावशींनी विचारलं.

"फ्लॉईड."

"कुठला?"

"राजोडी."

"कोनाचा?"

ऑनलाइन गेममध्ये लोक एकमेकांच्या आईबापांचा उल्लेख नेहमीच करतात, पण चौकशी म्हणून कोणी करत नाही. "सालोमीचा," तो म्हणाला. "बीचजवळ तिचं मासळीचं असतं. मी रिसॉर्टच्या किचनला आहे."

"सालोमीचा तू? मग पळून जाऊ नको. बस."

तो बसला. एव्हरशाईन सिटीतली निधी अशीच एका दुपारी सापडली. घरून काम करायची, जेवणाच्या सुट्टीत खेळायची. तिला भुतांची भीती वाटत नाही का, असं मी विचारलं होतं. ती म्हणाली, "सकाळी मॅनेजरसोबत कॉल असतो. नंतर मुकादम जरा सुसह्य वाटतो." चौथा मी. वालीवच्या कारखान्यातून शुक्रवारच्या सुट्टीला घरी असायचो आणि मालकीणबाईंना नाही म्हणायची हिंमत नसायची.

पण चौघं एकाच वेळी जमणं कठीण, आणि पाचवा तर नाहीच. त्यात नोव्हेंबरात गेम उघडल्यावर इंग्रजीत एक सूचना आली. मावशींनी मला खाली बोलावलं. "वाच. आनि चांगलं असंल तरच सांग."

चांगलं नव्हतं. कंपनी रिकामे सर्व्हर बंद करणार होती. प्रत्येक सर्व्हरसमोर एक हिरवी पट्टी, प्रत्येक पूर्ण सामन्याला ती थोडी पुढे सरकणार. डिसेंबर संपेपर्यंत भरली तर सर्व्हर राहील, नाही तर मुंबईवाल्यांनी सिंगापूरच्या सर्व्हरवर खेळायचं.

"मग खेळू सिंगापूरवर," मी म्हटलं.

"खेळून बघितलंय. आकडी मी हितं उचलते, ती पडते सिंगापुरात. तवर कामगार घरी जाऊन जेवलेला असतो." मग माउस बाजूला सारून त्या म्हणाल्या, "शेत गेलं, गुडघे गेले. आता हे पन घेऊन जाऊ दे त्यांना?"

तोड त्यांनाच सुचली. दुसऱ्या दिवशी फ्लॉईड आणि निधी दोघं लॉबीत असताना त्यांनी जाहीर केलं, "आपन सावड करू."

निधीला सावड माहीत नव्हती. मावशींनी तिला सांगितलं. लावणीच्या दिवसांत मजूर कोणाला परवडतो? मग आज सगळी घरं माझ्या शेतावर, उद्या सगळी तुझ्या. ज्याचा दिवस, त्याने जेवू घालायचं. कोणी चुकवायचं नाही, कारण चुकवलं तर आपल्या दिवशी एकट्याने वाकायचं. गेमचंही तसंच. सोमवारी रिसॉर्ट रिकामं, तो दिवस फ्लॉईडचा. बुधवारी निधीला मीटिंगा कमी. शुक्रवार माझा, रविवार मावशींचा. ज्याचा दिवस, त्याच्या सोयीच्या वेळी बाकीच्यांनी हजर व्हायचं, त्यासाठी मी शिफ्ट बदलून घ्यायची.

"आणि पाचवा?" फ्लॉईडने विचारलं.

मावशींनी ओटीकडे पाहिलं. "ओ, आयकता काय? तुमचा फोन आना हिकडं."

अशा रीतीने हरेश्वरकाका कामगार झाले. त्यांना दिवस पाहिजे का, हे कोणी विचारलं नाही. फोनवर गेम कसा चालवायचा हे मी त्यांना दोन दुपारी शिकवलं. त्यातलं त्यांनी एकच उचललं: गिरणीत शिरल्या शिरल्या डाव्या हाताला एक लोखंडी कपाट आहे, त्यात लपता येतं. सामना सुरू झाला की काका कपाटात जायचे, दार लावायचे आणि फोन पोटावर ठेवून झोपाळ्याला पाय द्यायचे.

पहिला रविवार मावशींचा. सगळे वेळेवर हजर. मी पहिला कंदील लावायला वाकलो आणि पाठीमागे मुकादम येऊन उभा राहिला. आता आकडी बसणार म्हणून मी डोळे मिटले. काहीच झालं नाही.

"मावशी, मारा की," मी म्हटलं.

"लाव तू कंदील. निवांत लाव."

पुढे निधी ओरडली, "मावशी, मी समोर उभी आहे तुमच्या. मारा ना."

"जेवलीस काय तू?"

फ्लॉईड तर स्वतःहून चालत गेला. मुकादमाने बाजूला होऊन त्याला वाट दिली. असं बराच वेळ चाललं आणि मग पडद्यावर ठसठशीत अक्षरं उमटली: 'मुकादम गैरहजर. सामना रद्द.' मुकादम इतका वेळ कोणालाच मारत नाही म्हणजे खुर्चीवर माणूसच नाही, असा त्या कॉम्प्युटरचा समज. पट्टी जागची हलली नाही.

"गैरहजर कशी? मी हितंच तर हाय," मावशी चिडल्या.

"तुम्ही मारलं का नाही?"

"माझा दिवस हाय, मेल्या. तुमी सावडीला आलेली मानसं. सावडीला आलेल्याची लावनी वाकडी गेली तरी मालकीन ब्र काढत नाय. आनि मी काय आकडी मारू?"

मी समजावलं. फ्लॉईडने समजावलं. निधीने तर मारल्याने आम्हाला किती आनंद होईल यावर छोटंसं भाषण केलं. मावशी ऐकून घेत होत्या आणि दुसऱ्या सामन्यातही आम्हाला वाट देत होत्या. "गैरहजर" लागोपाठ आलं. इतकी वर्षं लोक या गेमला कंटाळून सोडून गेले, पण पाहुणचारामुळे तो बंद पडायची वेळ जगात पहिल्यांदाच आली असावी.

बुधवारी निधीचा दिवस. आम्ही आशा सोडलेली. सामना सुरू झाला आणि निधीच्या पहिल्या कंदिलाची वात पेटायच्या आत ती आडवी झाली होती. मग फ्लॉईड. मग मी, वळणावर. मुकादम जाताजाता डाव्या हाताचं कपाट उघडून काकांनाही आटपून गेला. काकांना जाग आली नाही.

"मावशी," निधी म्हणाली, "हे काय होतं?"

"आज तुझा दिवस. तुझी गिरनी. दुसऱ्याच्या शेतावर गेलं की मालक सांगंल ते काम. चिखल कर म्हटलं, चिखल करीन. मार म्हटलंस, मारलं." आणि वर त्यांनी विचारलं, "बरोबर झालं ना काम? कमी वाटत असंल तर अजून एकदा घेते."

तर अशी घडी बसली. सोमवार, बुधवार, शुक्रवार मावशी आमच्या हुकमाने आम्हाला मारायच्या, आणि त्यात हयगय नसायची. रविवारी त्या कामगार व्हायच्या आणि मुकादमी फ्लॉईडकडे जायची. पहिल्यांदा तो बिचकला. मावशींनी दम दिला, "सालोमीला सांगेन, पोरगा सावडीला येऊन नुसता उभा ऱ्हातो." तो मारू लागला. रविवारी सामने संपले की जेवण. मी सुकटीची चटणी आणि तांदळाच्या भाकऱ्यांचा डबा एव्हरशाईनला पोचवायचो. फ्लॉईड आपला वाटा न्यायला स्वतः यायचा आणि जाताना सालोमीने दिलेले बोंबील ठेवून जायचा. हिरवी पट्टी सरकत होती.

मग नाताळ आला, आणि यंदा तो नेमका सोमवारी. फ्लॉईडचा दिवस बुडाला. त्याला कोण काय बोलणार? चर्चमधली मिस्सा, पाहुणे, रिसॉर्टवर गर्दी. बुधवार-शुक्रवारी आम्ही जोर लावला, तरी पट्टी केसभर रिकामी राहिली. एक सामना हवा होता. उरला होता रविवार, एकतीस डिसेंबर.

एकतीस डिसेंबरला राजोडीच्या रिसॉर्टमध्ये काय चालतं ते सांगायला नको. फ्लॉईड दुपारी किचनमधूनच फोनवर आला. मागे कुकरच्या शिट्ट्या, कोणीतरी 'कोळंबी, कोळंबी' ओरडतंय. "मावशी, मुकादम नाही जमणार. एक हात मसाल्यात आहे. कामगार म्हणून नुसता उभा राहतो."

निधी म्हणाली, मला मुकादम चालवता येत नाही. मलाही येत नव्हता. मी एकदा प्रयत्न केला होता तेव्हा भिंतीला आकडी मारत बसलो होतो. मावशी स्वतः होणं शक्यच नव्हतं, दिवस त्यांचा. राहता राहिले काका.

"तुमी व्हा मुकादम," मावशींनी आतून सांगितलं.

"बरं," काका ओटीवरून म्हणाले.

सामना सुरू झाला. आम्ही मुद्दाम कंदील लावले नाहीत, सगळे उघड्यावर उभे. मुकादम काही येईना. पडद्यावर पिवळी सूचना लुकलुकायला लागली: 'मुकादम जागेवर आहे का?' मी जिना उतरून ओटीवर धावलो. झोपाळा रिकामा, फोन झोपाळ्यावर. काका परसात कोंबड्या कोंडत होते.

"काका, मारायचंय."

"कोनाला?" त्यांनी खुराडं आधी नीट बंद केलं, हात धुतले, पंच्याला पुसले, मग फोन घेतला. "शकू, कुठं हायस?"

"कपाटात," आतून आवाज.

"कुठल्या?"

"तुमच्या."

गिरणीतली बाकी कुठलीच वाट काकांना ठाऊक नव्हती, ही एक होती. मुकादम वळला, डावीकडे गेला, दार उघडलं. मावशी आत उभ्या.

"मारू?"

"माझा दिवस हाय. सांगते ते काम करा."

काकांनी आकडी मारली. मग सवय झाल्यासारखे ते मला येऊन भेटले, निधीला भेटले, आणि मसाल्यात हात असलेल्या फ्लॉईडलाही भेटले. सामना पूर्ण. पट्टी भरली. सकाळी गेम उघडला तेव्हा यादीत मुंबई जागेवर होती. मावशींनी ते नाव वाचलं, मान हलवली आणि माझ्याकडे पिशवी देऊन बाजारात पिटाळलं.

पण ते दुसऱ्या दिवशीचं. त्या रविवारी डबे भरायच्या आधी मावशींनी पहिलं ताट काकांना वाढलं. एरवी काका शेवटी जेवतात, भाकरी निवल्यावर. ताटात बोंबील बघून काकांनी विचारलं, "आज काय?"

"सावडीला आलात ना."

काकांनी एक घास खाल्ला. विचार केला. "मग मना बी एक दिवस पायजे."

"तुमचा कसला दिवस? काय करनार तुमी?"

"मंगळवार. सगळ्यांनी कपाटात बसायचं. कोनी कोनाला मारायचं नाय."

सावड म्हणजे सावड. त्या मंगळवारी मी शिफ्टला जायच्या आधी, निधी कॅमेरा बंद ठेवून मीटिंगमध्ये, फ्लॉईड भाजी चिरता चिरता आणि काका झोपाळ्यावरून, असे चौघं कामगार एकेका कपाटात बसून होतो. मुकादम शकूमावशी बाहेर कपाटांना पाठ करून राखण करत उभ्या होत्या. 'गैरहजर' येईपर्यंत काका छान झोपले.