देवकीबाईंची हाक

सदर भागातल्या चौकात देवकीबाई संत्र्याची हातगाडी लावायच्या, तेव्हा घड्याळ बघायची कुणाला गरज नव्हती. दहा वाजले की हाक उठायची आणि समोरच्या कचेरीतले बाबूलोक खुर्चीत नीट सावरून बसायचे. आवाज गोड मुळीच नव्हता. खणखणीत, जरासा फाटका आणि दोन गल्ल्या ओलांडून जाणारा. संत्रं आंबट निघालं तरी गिऱ्हाईक सहसा परत येत नसे, कारण देवकीबाईंशी भांडून कुणी जिंकल्याचं कोणाच्या ऐकिवात नव्हतं.

मुलगी भूमिका मात्र कॉलेजला जाताना लांबचा वळसा घेऊन जायची. आईची हाक मैत्रिणींच्या कानावर पडायला नको! देवकीबाईंना ते कळत होतं, लागतही होतं. हाक काही त्यांनी हळू केली नाही. घर त्या हाकेवरच चाललं होतं.

मग जन्मभर चघळलेल्या तंबाखू-सुपारीच्या खर्ऱ्यानं दावा साधला. दोन वर्षांपूर्वी डॉक्टरांनी त्यांच्या गळ्यातली आवाजाची पेटीच काढून टाकली. जीव वाचला. गळ्याला एक भोक राहिलं, श्वास तेवढा त्यातून ये-जा करतो. लिहावं म्हटलं तर जन्मभर अंगठाच उठवलेला. हातवारे करायच्या, सून दिपाली त्यातले निम्मे समजून घ्यायची आणि उरलेले स्वतःच्या मनानं जुळवायची. पोर प्रेमळ होती, पण तिला धीर नव्हता.

गाडी विकली, तराजू तेवढा राहिला. त्याचं एक पारडं हलकं होतं म्हणून देवकीबाईंनी त्याखाली पासंग बांधला होता, एक पांढरा, वरून गोल, लिंबाएवढा स्फटिक. नरखेडकडे भावाच्या विहिरीचं खोदकाम चालू असताना तो निघाला होता. वर्षानुवर्षं तो त्यांच्यासोबत चौकातल्या उन्हात तापला.

यंदा मार्च महिन्यात दिपालीनं तो तराजू घासूनपुसून खिडकीत ठेवला. दुपारी ऊन आलं, स्फटिक तापला आणि खोलीत हाक उठली.

"या वं बाई, या! नरखेडचा संत्रा! आंबट निघाला तं माह्या तोंडावर मारा!"

देवकीबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांच्या हातातलं सूप तसंच राहिलं. स्वतःचा आवाज ऐकून माणूस इतकं रडतं हे त्यांना तोवर ठाऊक नव्हतं.

चार-आठ दिवसांत त्यांना त्या दगडाची खोड समजली. तापला की तो बोलायचा, पण तापलेला असताना जवळ मोठा आवाज झाला की तो आवाज आत घ्यायचा आणि तेवढा जुना गमावून बसायचा. एकदा कुकरची शिट्टी झाली आणि हाकेचं शेपूट गेलं ते गेलंच. तेव्हापासून दुपारी देवकीबाई सगळ्यांना ओठावर बोट ठेवून गप्प करायच्या. त्या भक्तीनं करतात, असं दिपालीनं जुळवलं.

दिपालीनं कळवलं तसा भूमिकाचा पुण्याहून फोन आला. "आई, मी रविवारी येते. मले तुही हाक ऐकायची आहे." एवढं म्हणून ती रडायला लागली. देवकीबाईंनी फोन छातीशी धरला. त्यांना आता दुसरं काही नको होतं. पोरीनं एकदा ती हाक ऐकावी.

पण दिपालीनं शेजारच्या कौसल्याबाईंना सांगितलं होतं आणि कौसल्याबाईंना सांगणं म्हणजे सगळ्या गल्लीला सांगणं. सोमवारी त्या आठ बायका घेऊनच आल्या.

"हा काय पासंग आहे का?" त्या कडाडल्या. "स्फटिकाचं लिंग आहे हे! तराजूले बांधून ठेवलं होतं, काय म्हणावं तुमाले!"

स्फटिक पाटावर बसला. बेल वाहिला, कापूर पेटला, निरांजन अगदी जवळून फिरू लागलं. स्फटिक तापतोय हे देवकीबाईंना दिसत होतं. हाकेचा पहिला शब्द निघाला आणि त्याच क्षणी घंटी, टाळ, टाळ्या आणि आठ गळे एकदम सुरू झाले.

त्या पुढे धावल्या. बायकांनी प्रेमानं धरून त्यांना पाटासमोर बसवलं. त्यांनी ओठावर बोट ठेवलं, हात जोडले, मान हलवली. जोडलेले हात पाहून तर बायकांना आणखी जोर चढला. शेवटी त्यांनी हाताशी आलेली पितळी थाळी उचलली आणि थांबा, थांबा म्हणून पळी घेऊन जिवाच्या आकांतानं बडवली.

"पाहा वं, देवकीबाईच्या अंगात कशी भक्ती आली!" कौसल्याबाई म्हणाल्या आणि त्यांनी आणखी एक आरती धरली.

रविवारी भूमिका आली ती पिशवी खांद्यावर तशीच ठेवून खिडकीशी बसली. स्फटिक तापला. घंटी, टाळ, आरती. ती शेवटपर्यंत थांबली.

"वहिनी, आईची हाक कुठं आहे?"

"आता तो आरतीच म्हणते, ताई. आधी आईंचा आवाज होता, आता देवाचा झाला. नशीब लागते त्याले."

भूमिकानं पुन्हा ऐकलं. "ही थाळी कोण वाजवून राहिलं? तालातच नाही."

"आईच! अशा रमल्या होत्या का काय सांगू."

भूमिका आईकडे वळली. "आई, तू त्यायले थांबवून राहिली होती का?"

देवकीबाईंनी मान डोलावली. दिपालीचा चेहरा उतरला. ती पदर तोंडाला लावून आत गेली. तिला तरी काय बोल लावायचा!

"कशी म्हणायची वं तू?" भूमिकानं विचारलं. "शब्द आहेत ध्यानात. हाकेतला आवाज नाही आठवत मले. मी त्या रस्त्यानं कधी आलीच नाही ना."

देवकीबाई उठल्या. गाडीमागे उभ्या राहायच्या तशा उभ्या राहिल्या, एक हात कमरेवर, मान वर. तोंड उघडलं. गळ्याच्या शिरा ताणल्या आणि भोकातून नुसती हवा सुटली, फुस्स करून. त्यांनी परत श्वास भरला. भूमिका त्यांच्या गळ्याशी कान नेऊन ऐकत राहिली आणि देवकीबाई हाक मारत राहिल्या.