खड्ड्यात गेलेला हिमालय

नकाशांच्या कारखान्यात त्यांना सगळे डोंगरकाका म्हणत. जगातली एकूण एक पर्वतरांग त्यांनी पेन्सिलीने काढलेली, आणि खरा डोंगर म्हणाल तर एकही पाहिलेला नाही. "दुरून डोंगर साजरे, काका!" असं छपाईवाले चिडवायचे. त्यावर काका हसायचे. राग यायचा तो एकाच गोष्टीचा. एकतीस वर्षांत सात अ‍ॅटलास निघाले, एकावरही त्यांचं नाव नाही. कागद पुरवणाऱ्याचं होतं, बरं का!

डोंगर काढायची एक रीत असते. उजेड कागदाच्या वरच्या डाव्या कोपऱ्यातून येतोय असं धरायचं आणि डोंगराची उजवी-खालची बाजू काळी करायची. मग शिखर उठून दिसतं. उजेड खालून घेतला की डोळा फसतो आणि डोंगराचा खड्डा होतो.

निवृत्तीला आठ महिने उरले आणि नवे साहेब आले. शहाणे, म्हणजे अतिच. "काका, वरचा डावा कोपरा म्हणजे वायव्य. भर दुपारी सूर्य कधी वायव्येला असतो? मुलांना खोटं का शिकवायचं? उजेड आग्नेयेकडून घ्या."

काकांनी आल्प्सचा जुना कागद त्यांच्यासमोर उलटा धरला. "बघा साहेब, झाली ना दरी?"

"उलटं धरल्यावर सगळंच विचित्र दिसतं," साहेब म्हणाले. पालथ्या घड्यावर पाणी! वर म्हणतात कसे, "यंदा पहिल्या पानावर तुमचं नाव टाकायचं ठरवलंय. जमत नसेल तर काम दुसऱ्याला देतो."

झालं, काका अडकले. घरी बायकोला फक्त नावाचं सांगितलं. ती इतकी हरखली की पुढचं त्यांच्या तोंडातच राहिलं.

सहा महिने खपले. रॉकी, अँडीज, कॉकेशस. हात सवयीने उजवीकडे जायचा, त्याला ओढून डावीकडे आणायचं. एकट्या हिमालयाला पाच आठवडे लागले. चांगला जाणूनबुजून, स्वतःच्या हाताने खड्ड्यात घातला. नाव हवं होतं मेलं, दुसरं काय!

अ‍ॅटलास निघाला आणि पंधरा दिवसांत शाळांकडून गठ्ठेच्या गठ्ठे परत आले. साहेबांनी हात झटकले. शाळांना पत्र धाडलं: पर्वतांचं काम ज्यांनी केलं, त्यांचं नाव पहिल्या पानावर आहे. सगळं खापर काकांच्या माथी. निरोपाचा चहासुद्धा कुणी पाजला नाही.

शेवटच्या दिवशी काका एक प्रत घेऊन घरी आले. बायकोने नावावरून बोट फिरवलं, डोळे पुसले आणि हौसेने पानं उलटायला लागली. हिमालयापाशी थांबली.

"अहो, हा असा खाली का गेलाय?"

"चुकलाय."

"काढताना कळलं नाही तुम्हाला?"

"कळलं होतं."

"अहो, मग त्यावर नाव कशाला टाकू दिलंत?"