आज राग कुणावर?

आमच्या सिस्टर पेशंटला ‘कसं वाटतंय?’ असं कधीच विचारत नसत. दाराशी चपला काढायच्या, हात धुवायचे आणि बीपीचा पट्टा दंडाला गुंडाळता गुंडाळता विचारायचं, “आज राग कुणावर?”

पहिल्या दिवशी मला तो प्रश्न नीट कळलाच नाही. तीन आठवड्यांपूर्वी इथे आखातात, अल ऐनमधल्या आमच्या साइट ऑफिसात, मीटिंग चालू असताना माझ्या हातातलं पेन खाली पडलं आणि ते उचलायला हातच गेला नाही. पॅरालिसिसचा झटका. वय सेहेचाळीस. हॉस्पिटलातून घरी आलो तेव्हा उजवा हात लोंबत होता, पाय फरफटत होता आणि जीभ जड झाली होती. घरी येऊन व्यायाम करून घेणारी नर्स मिळाली, तीही मराठी बोलणारी, म्हणून माझी बायको अंजली खूश होती. मी कशानेच खूश नव्हतो.

“देवावर,” मी कसाबसा म्हणालो.

“मग त्याच्याशीच भांडा. त्याला सोसतं. वहिनींवर काढू नका, त्यांना नाही सोसायचं.” आणि आकडा वहीत लिहून म्हणाल्या, “यल्ला भाऊ, चला, उठा.”

सिस्टर श्रीरामपूरकडच्या, मराठी ख्रिस्ती. वय पंचावन्नच्या आसपास, बांधा ठेंगणा, आणि आवाज असा की माझ्या व्यायामाचे आकडे खालच्या मजल्यावरच्या इजिप्शियन कुटुंबालाही पाठ झाले असावेत. चहात चार चमचे साखर घ्यायच्या आणि मला मात्र एकही घालू द्यायच्या नाहीत. गाडी फार वाईट चालवायच्या. व्यायाम सुरू करण्याआधी त्या माझा तो मेलेला हात दोन्ही हातांत घेऊन मिनिटभर डोळे मिटत. एकदा मी विचारलं, “काय मागता?”

“मागत काही नाही. भाऊंचा हात धरलाय, एवढं सांगते.”

त्याच सुमारास पुण्याच्या एका नातेवाइकाने कुठल्याशा काढ्याची कृती पाठवली आणि सोबत सल्ला दिला, की इंग्रजी गोळ्यांनी रक्त बिघडतं. मी अंजलीला न सांगता पाच दिवस बीपीच्या गोळ्या उशीखाली ठेवल्या. सहाव्या दिवशी सिस्टरांनी पट्टा लावला, आकडा पाहिला, पुन्हा लावला. मग उशी उचलली. ओरडतील असं वाटलं होतं, पण त्यांनी आधी डॉक्टरांना फोन लावला, त्यांनी सांगितली तशी गोळी दिली आणि बीपी उतरेपर्यंत माझ्या शेजारी खुर्ची ओढून बसल्या. पुढचा पेशंट खोळंबला तरी हलल्या नाहीत.

“भाऊ,” त्या म्हणाल्या, “तीस वर्षं मी प्रार्थना करते आणि तीस वर्षं गोळ्या देते. दोघींचं भांडण मी कधी पाहिलं नाही. तुम्ही कशाला लावता?”

आमचं देवघर म्हणजे स्वयंपाकघरातल्या कपाटाचा एक कप्पा. आजारपणापूर्वी सकाळचा दिवा मी लावायचो. घरी आल्यापासून मी तिकडे फिरकलो नव्हतो. सिस्टरांनी एकदा चहा करायला कपाट उघडलं आणि विचारलं, “इथला दिवा कोण लावतं?”

“लावायचो. आता हात नाही.”

“डावा आहे की.”

“डाव्या हाताने दिवा लावत नाहीत.”

“कुणी सांगितलं? ज्याने हात दिले त्याने लेबलं लावून दिले होते का?”

दुसऱ्या दिवसापासून काडेपेटी हा माझा व्यायाम झाला. पेटी उजव्या हाताच्या निर्जीव बोटांत अडकवायची आणि डाव्याने काडी ओढायची. रोज आठ-दहा काड्या मोडायच्या. येशूला मानणारी ती बाई माझ्या गणपतीपुढे खाली बसून मोडक्या काड्या वेचायची. नवव्या दिवशी वात पेटली. माझी मुलगी रिया शाळेचं दप्तर घेऊन दारातच थबकली. “बाबा, यू डिड इट!” म्हणाली आणि बूट न काढता आत धावली. मी देवाला म्हणालो, भांडण संपलेलं नाही, पण बसून बोलू.

एके दिवशी सिस्टर आल्या आणि मला म्हणाल्या, “तुम्ही तिकडे खुर्चीत बसा. आज पेशंट वहिनी आहेत.” अंजली हसली, माझ्या मागे खूप कामं आहेत म्हणाली. सिस्टरांनी तिला दंडाला धरून माझ्या पलंगावर निजवलं, तेल कोमट केलं आणि तिचे तळपाय चोळायला घेतले. शाळेतली नोकरी, रिया आणि मी, असं सगळं तिने तीन महिने एकटीने ओढलं होतं आणि माझ्यासमोर एकदाही डोळ्यांत पाणी आणलं नव्हतं. पाच मिनिटांत ती हुंदके देऊन रडायला लागली. सिस्टर पाय चोळत राहिल्या. घरातला एकच माणूस आजारी आहे असं मी समजत होतो. खुर्चीत बसून पहिल्यांदाच मी बायकोच्या पायांच्या भेगा पाहिल्या.

त्या दिवशी चहा पिताना मी विचारलं, “हे सगळं तुम्ही कुठे शिकलात? नर्सिंगच्या कॉलेजात?”

“नाही,” त्या म्हणाल्या. “माझा मुलगा धरणात बुडाला, तेव्हा मी इथे ड्यूटीवर होते. मी पोचेपर्यंत माती दिली होती. त्यानंतर दोन वर्षं चर्चमध्ये मी तोंड मिटून बसायचे. सगळे गायचे, मी नाही. शेजारी बसणारी एक केरळची बाई दर वेळी माझ्यासाठी डबा आणायची. तिला मराठी येईना, मला मल्याळम. डबा द्यायची नि बसायची. डॉक्टरांनी झोपेच्या गोळ्या दिल्या, त्याही घेतल्या. मग एकदा गाण्याची ओळ आपोआप तोंडात आली.” त्यांनी कप खाली ठेवला. “मुलगा परत आला नाही, भाऊ. मी परत आले. तुमचा हातही येईल तेवढा येईल. माणूस अख्खा पाहिजे.”

हात तेवढाच आला: पेला धरता येतो, सही येत नाही. पाय मात्र काठीवर चालू लागला. सात-आठ महिने झाले असतील, आणि सिस्टरांनी सांगितलं की त्यांची आई अंथरुणाला खिळली आहे, नोकरी सोडून त्या कायमच्या गावी निघाल्या आहेत. अंजलीने त्यांच्यासाठी जेवणाचा बेत ठरवला. त्यांनी तो मोडला. “जेवण नको. भाऊंना दोन तास माझ्याबरोबर पाठवा.”

त्यांच्या त्या गाडीतून जीव मुठीत धरून मी एका हॉस्पिटलात पोचलो. वॉर्डात खिडकीशी साताऱ्याकडचा एक गवंडी पडून होता, बबन. परांचीवरून पडून त्याच्या कमरेला मार बसला होता. आठवडाभर तो कुणाशी बोलत नव्हता, ताट तसंच परत पाठवत होता, आणि घरी त्याने काहीच कळवलं नव्हतं. “मी परवा चालले,” सिस्टर म्हणाल्या. “इतके दिवस याच्याजवळ मी येऊन बसत होते, आता तुम्ही बसा.”

“मी काय बोलू?”

“बसा तर आधी.”

मी बसलो. अडखळत नाव सांगितलं, गाव विचारलं. बबन भिंतीकडे तोंड करून पडला होता. माझा एक शब्द तिसऱ्यांदा अडकला तेव्हा तो वळला.

“तुमालाबी तरास होतुय व्हय बोलाया, साहेब?”

“होतो ना. आधी नुसतं ‘चहा’ म्हणेपर्यंत चहा गार व्हायचा.”

तो हसला, आणि हसता हसता त्याचा चेहरा एकदम वाकडा झाला. “बायकूला काय सांगू? मी पडलोय म्हनून?”

“जे झालंय ते सांग. मी आहे इथे.”

त्याने बराच वेळ फोन हातात फिरवला आणि मग नंबर लावला. मी सिस्टरांकडे पाहण्यासाठी मान वळवली, तर त्या निघून गेल्या होत्या. निरोपाचा एक शब्दही न बोलता. मी काठी घेऊन उठणार होतो, पण तेवढ्यात पलीकडून आवाज आला आणि बबन लहान मुलासारखा रडायला लागला. मी बसून राहिलो. त्याने सगळं सांगितलं. ती बाई तिकडे रडत होती, आणि मग तिने काहीतरी विचारलं, ते मलाही ऐकू आलं. तिथं तुमच्याजवळ आपलं कोन हाय का?

बबनने शर्टाच्या बाहीने नाक पुसलं आणि माझ्याकडे पाहिलं.

“हाय,” तो म्हणाला. “एक भाऊ हायेत.”