मोठ्यांचं नाव

गिऱ्हाइकानं “हा गणपती केवढ्याला?” असं विचारलं की मावशी कुंचला खाली ठेवून म्हणायच्या, “देव होय? मालकांना विचारा.” हमरापूरच्या आमच्या कारखान्यात दिवसभर गणपती रंगवणारी ही बाई तो शब्द तोंडातून काढत नसे. कारण त्यांच्या थोरल्या दिरांचं नाव गणपत. थोरल्या दिरांचं नाव घ्यायचं नाही, हे त्यांना लग्नात बजावलेलं. नवरा गेला तरी त्यांनी ते पाळलं. आम्ही मुद्दाम विचारायचो, “मावशी, आज काय रंगवताय?” त्या म्हणायच्या, “तुमची तोंडं.”

अशी बाई तुमच्याही आळीत असेल. आम्ही तेव्हा खूप हसायचो. आता मला त्या रीतीचा राग येतो.

त्यांचं घर एकच, मध्ये भिंत घालून दोन केलेलं. मावशींच्या वाट्याला मागच्या खोल्या आल्या. बाहेर पडायचं तर मोठ्या दिरांच्या पडवीतूनच. मोठ्यांची सून रोह्याजवळच्या अष्टमी गावची. धाटावला कंपनीत जाणाऱ्या मुलाला चारचाकी हवी म्हणून सासऱ्यानं तिला माहेरी पिटाळलं. ती हात हलवत परत आली, तेव्हा तिला भाताची पोती ठेवायच्या खोलीत कोंडून त्यानं बाहेरून कडी घातली. मावशींनी ते डोळ्यांनी पाहिलं. खिडकीच्या गजांतून तिला पेज दिली तीही त्यांनीच.

पुढे सून कायमची माहेरी गेली आणि रोह्याच्या कोर्टात केस उभी राहिली. त्या घरातून साक्षीला एकट्या मावशी गेल्या. मी सोबत होते. सरकारी वकिलांनी विचारलं, कडी कोणी घातली? मावशी म्हणाल्या, “घरातल्यांनी.” घरातल्या कोणी? “घरातल्यांनीच.” मोठे त्या दिवशी आजारपण सांगून आले नव्हते, नाहीतर मावशींनी बोट तरी दाखवलं असतं. तरीही सुनेच्या जबानीवर मोठ्यांना शिक्षा झाली. आम्ही कारखान्यात पेढे वाटले.

पण अपील झालं आणि मोठे जामिनावर घरीच राहिले. मावशी रोज डोक्यावर पदर घेऊन त्यांच्या पडवीतून येत-जात होत्या. घरातलं कोणी मावशींशी बोलत नसे, पाण्याची कळशीही कोणी शिवू देत नसे. एक दिवस रंग कालवताना त्या हळूच म्हणाल्या, “वरच्या कोर्टात बोलवूं दे. आता नाव घेतां मी.” मग त्या काम करताना ओठ हलवून सराव करू लागल्या.

मी सुनेच्या वकिलांना विचारलं. ते म्हणाले, अपिलात साक्षीदाराला सहसा परत बोलवत नाहीत, खाली लिहून घेतलेलंच वाचतात. मी हे मावशींना सांगितलं, तेव्हा त्या कोरडाच कुंचला मूर्तीच्या कानावरून फिरवत राहिल्या.

अपिलात मोठे सुटले. सुनेच्या जबानीला आधार नाही, मावशींची साक्ष मोघम आहे, कोणी काय केलं ते ही बाई सांगत नाही, तिच्यावर विश्वास ठेवता येत नाही, असं निकालात आलं. सगळं पाहिलेली एकच बाई, आणि तीच खोटी ठरली. मला फार वाईट वाटलं.

त्याच दिवशी मावशी पडवीत मोठ्यांसमोर उभ्या राहिल्या. हे त्यांनीच मला फोनवर सांगितलं. पदर नीट घेऊन त्या म्हणाल्या, “गणपतराव, कडी तुमी घातलेली.”

मोठे हसले. म्हणाले, “हा नाव कोर्टात बोलायचा होतास.”

दुसऱ्या दिवसापासून त्या कामावर आल्या नाहीत. फोनही बंद. शेवटी मी त्यांच्या घरी गेले. मोठे पडवीत सुपारी कातरत बसले होते. मला पाहून ते उठले, मावशींच्या दाराला माझ्यादेखत कडी घातली आणि परत सुपारी कातरू लागले.

मी घराला वळसा घालून मागच्या खिडकीशी गेले. मावशी गजांशी आल्या. “बघितलास ना गो?”

“व्हय.”

“मंग सांग. कडी कोनी घातली?”

पडवीतून अडकित्त्याचा आवाज येत होता. मला परत त्यांच्यासमोरूनच जायचं होतं. “तुमच्या मोठ्यांनी,” मी म्हणाले.

मावशींनी मान हलवली. “तसा नको गो. नाव घे.”