सांडलेल्या साखरेची बातमी

महाराष्ट्र राज्य होऊन थोडीच वर्षं झाली होती. मी रोहिणखेडच्या शाळेत नवी शिक्षिका होते. प्रौढांना साक्षर करण्याची मोहीम गावात सुरू झाली, तेव्हा एक दिवस शाळा सुटल्यावर पन्नाशीचा एक माणूस दारात उभा राहिला. मलकापूरच्या पट्ट्यात चालत्या मालगाड्या लुटणाऱ्या टोळीचा हा म्होरक्या. नाव ऐकलं तरी दुकानदार फळ्या लावून घेत. शिक्षा भोगून तो नुकताच परतला होता.

"बाई, मले वाचाले शिकाचं हाय. पन बाकीच्यायसोबत नाही बसनार."

मी घाबरले, पण कुतूहल जास्त होतं. असा माणूस कसा असतो? तर पेन्सिल कुदळीसारखी मुठीत धरायचा, आणि 'श' चुकला की लाजून हसायचा.

महिनाभराने त्याने खिशातून वर्तमानपत्राचं पिवळं पडलेलं कात्रण काढलं. त्याच्या अटकेची बातमी. इतक्या वर्षांत कुणाकडून वाचून का घेतली नाही, असं मी विचारलं.

"माह्या मानसायनं मले आवडन तेच वाचलं असतं," तो म्हणाला.

"मी वाचून दाखवू का, काका?"

"नाही. मीच वाचतो."

आणखी चार महिन्यांनी त्याने ती वाचली. एकेका शब्दावर बोट ठेवत. पोलिसांना खबर कुणीच दिली नव्हती. फाटक्या पोत्यातून साखर सांडत गेली होती. रुळापासून त्याच्या गोठ्यापर्यंत. तो माग धरून पोलीस आले होते.

त्याचं बोट तिथेच थांबलं.

"पेपरात खोटं बी छापते ना, बाई?"

"छापतात कधी कधी."

त्याने ती ओळ पुन्हा एकदा बोट ठेवून वाचली. मग म्हणाला, "नाही. पोतं फाटलंच होतं. मीच तर खांद्यावर घेतलं होतं."

तेव्हा त्याने सगळं सांगितलं. त्याचा जोडीदार सोनाळ्याचा. त्यानेच दगा दिला असं समजून, जामिनावर सुटल्यावर याने माणसांकरवी त्याचा उजवा हात कायमचा निकामी केला होता. "मार खाता खाता साखर साखर करत होता तो. मले वाटलं, बहाना करून राह्यला."

दुसऱ्या दिवशी तो सोनाळ्याला गेला. पुन्हा शिकायला आला नाही. पावसाळ्यानंतर मला त्याच्या हातचं पोस्टकार्ड आलं. अक्षरं वेडीवाकडी, ऱ्हस्वदीर्घाचा पत्ता नाही. 'तो बोलत नाही. त्याच्या संत्र्याले पानी देऊन राह्यलो.'

पुढे माझी बदली दुसरबीडला झाली. पण जो बोलतही नाही, त्याने याला ठेवून का घेतलं, हा प्रश्न सुटेना. दहा-बारा वर्षांनी मी मुद्दाम सोनाळ्याला गेले. तोवर दोघंही वारले होते. जोडीदाराच्या बायकोने मला ओसरीवर बसवून चहा दिला.

"आठ वर्सं राबला आमच्या वावरात," ती म्हणाली. "दोन वेळा मी ताट वाढत जाय. पन ह्यायनं त्याच्याशी एक शबद नाही काढला."

"मग ठेवून तरी काऊन घेतलं?" मीही तिच्याच बोलीत विचारलं.

तिने पदराने कपाळ पुसलं. "मी बी इचारलं होतं, बाई. हे लुळा हात मांडीवर घेऊन त्यानं जगवलेल्या संत्र्याकडे पाहत राह्यले."