इंगरबाईंची अडवलेली पेटी

इंगरबाई विधवांवर पुस्तकं लिहायला डेन्मार्कहून आमच्या बोलगा गावात आल्या तेव्हा माझे सासरे नुकतेच वारले होते. मयताला कांदेवाला झिएम आला, थेट सासऱ्यांच्या चटईवर बसला आणि म्हणाला, हा कुत्रेखाऊ म्हातारा ढोंग करतोय, मटण मिळाल्याशिवाय उचलू देणार नाही. झिएम दगाबा जमातीचा, आम्ही फ्राफ्रा. आमची पिढीजात थट्टेची सोयरीक: एकमेकांना कुत्रेखाऊ म्हणायचं, गुलाम म्हणायचं, आणि कुणी रागवायचं नाही. मयतात शिव्या देऊन रडणाऱ्यांना हसवणं हा त्याचा हक्कच. बाईंना हे कोण सांगणार? त्यांनी त्याचं बखोट धरून त्याला अंगणाबाहेर काढलं, आणि पुढल्या पुस्तकात विधवांच्या विटंबनेवर अख्खं प्रकरण लिहिलं.

बाकी बाईंचं काम खणखणीत. विधवेची जमीन लाटणाऱ्या दिराच्या दारात त्या खुर्ची टाकून लिहीत बसायच्या. काय लिहितात ते कळायचं नाही, म्हणून दीर जास्तच घाबरायचा. माझा नवरा गेल्यावर माझं ज्वारीचं शेत मला असंच परत मिळालं.

थट्टेचं त्यांना कळलं, पण फार उशिरा. झिएम बाजारात आम्हा सगळ्यांना शिव्या घालायचा आणि बाई दिसल्या की टोपी काढून "नमस्कार, मॅडम" म्हणायचा. बाई गरज नसताना त्याच्याकडे कांदे घ्यायला जायच्या. कांदे मिळायचे, शिवी नाही. तीस वर्षं झाली तरी मी पाहुणीच, असं त्या मला म्हणायच्या. मी म्हणायचे, शिव्यांची एवढी हौस असेल तर माझ्या सासूकडे बसा.

शेवटी गुडघे गेले, पुतण्यानं डेन्मार्कला बोलावलं आणि बाई निघाल्या. मला ते सहन होत नव्हतं, पण पाहुण्याला अडवायचं कोणत्या हक्कानं? बसस्टँडवर भाषणं झाली. जो तो त्यांना थोर म्हणत होता आणि त्यांचा चेहरा उतरत चालला होता.

तेवढ्यात झिएम लंगडत आला. टोपी न काढता सरळ बाईंच्या पेटीवर बसला.

"ही फ्राफ्रीण कुठे निघाली? इथली कुत्री संपवलीस का गं? तू आमची गुलाम आहेस. मालकाला विचारल्याशिवाय जायचं नाही."

गुलाम या शब्दाशी जन्मभर भांडलेली बाई ती. त्यांनी काठी उचलली. ड्रायव्हरसुद्धा हॉर्न वाजवायचा थांबला.

बाई मांसाला शिवत नसत. त्या म्हणाल्या, "ऊठ मेल्या तिथून. आत कुत्र्याचं डोकं ठेवलंय, चेपेल. तुला त्याचा कानसुद्धा देणार नाही."

बसस्टँड हसून हसून लोळायचं बाकी राहिलं. मी मात्र रडत होते. झिएम काही उठला नाही, बस कंटाळून निघून गेली.

घरी येताना बाईंनी माझा खांदा धरला होता. मागून पेटी ओढत झिएम शिव्या देतच होता. बाई मधेच थांबल्या आणि त्याला विचारलं, आजच कसं सुचलं तुला?

"तू गेली असतीस, तर माझ्या मयताला शिव्या द्यायला कोण आलं असतं गं?"

बाईंनी पुन्हा माझा खांदा धरला. येईन, एवढंच म्हणाल्या.