गेटबाहेरच्या पोराला आणायला भिवंडीला

दर महिन्याला मी एका दिवसात होणारी सहल लिहितो. किल्ला, धबधबा, एखादं जुनं देऊळ, आणि जेवायला कुठे थांबायचं. या वेळी भिवंडीला गेलो, बाल न्याय मंडळात. तुमच्यापैकी कुणावर ही वाट धरायची वेळ येऊ नये. पण आली, तर निदान रस्ता माहीत असावा म्हणून लिहितोय.

सातिवलीत माझा पुठ्ठ्याची खोकी बनवायचा छोटा कारखाना आहे. सुलभावहिनी दुपारी तिथे कामाला येतात. खाडीलगतच्या गावात त्यांची सोनचाफ्याची वाडी आहे. उजाडायच्या आत फुलं खुडायची, नवऱ्याने ती दादरला न्यायची, हा रोजचा क्रम. खुडायला मुलगाही असतो. त्याला साहिल म्हणू या, कारण खरं नाव छापायला कायद्याने मनाई आहे, आणि ते योग्यच आहे.

साहिल नववीत. फुलं खुडून शाळेत पोहोचेपर्यंत गेट बंद झालेलं असायचं. शाळेचा नियम असा, की उशीर झाला तर वॉचमन गळ्यातलं ओळखपत्र काढून घेतो. पालक येऊन भेटले की परत मिळतं, तोवर वर्गात बसायचं नाही. बाप दादरला, आई वाडीत. भेटणार कोण? वहिनींना वाटलं, पोरगं युनिफॉर्म घालून रोज निघतंय म्हणजे शाळेतच जातंय. पोरगं गेटबाहेरच्या इतर पोरांबरोबर गोदामांच्या मागे बसून दिवस काढत होतं. तिथल्या एका गोदामातून तांब्याची केबल गेली. पोलीस आले, बाकीचे पळाले. साहिल बसून राहिला, कारण त्याने काही केलं नव्हतं. शाळेत जातो म्हणालास, मग कार्ड दाखव, असं पोलीस म्हणाले. कार्ड शाळेच्या ड्रॉवरमध्ये. त्याला उचललं आणि भिवंडीच्या निरीक्षणगृहात ठेवलं.

वहिनी कारखान्यात खोक्याला पट्टी लावता लावता हे सांगत होत्या आणि पट्टी वाकडी लागत होती. मंडळापुढे तारीख होती, सोबत येणारं कुणी नव्हतं. माझ्याकडे गाडी आहे आणि तोंड आहे. दोन्ही घेऊन निघालो.

आचोळ्याच्या घरून मी लवकर निघालो, वहिनींना त्यांच्या गावातून घेतलं आणि हायवेवरून चिंचोटी फाट्याला वळलो. चिंचोटी–कामण–भिवंडी हा रस्ता ज्याने पाहिला नाही त्याने कल्पनाही करू नये. कंटेनर, धूळ, आणि खड्डा चुकवावा तर शेजारी त्याचा मोठा भाऊ. डोंगर मात्र दोन्ही बाजूंनी हिरवेगार. सीएनजी आधीच भरून घ्या, वाटेत रांग असते. कामणच्या पुढे एका टपरीवर कांदाभजी गरम मिळाली, चहा झकास. वहिनींनी चहाला हात लावला नाही. मुलाला घातली असेल का कुणी अंघोळ, एवढंच एकदा म्हणाल्या. पंधरा वर्षांच्या घोड्याला. मी हसलो नाही.

कामाच्या गोष्टी: आधार, रेशनकार्ड, जन्माचा दाखला, सगळ्याच्या झेरॉक्स घेऊन जा. तिथल्या झेरॉक्सवाल्याकडे लग्नाच्या पंगतीसारखी गर्दी असते. आत फक्त आईवडिलांना सोडतात. त्यामुळे मी बाहेर बाकावर बसलो आणि कान उघडे ठेवले. शेजारच्या बायका एकमेकींना आपापल्या पोरांचं सांगत होत्या. एक कळव्याची, एक शहापूरकडची. कितवीत होता, असं एकीने विचारलं. ‘नववीत. दहावीला बसवला तर निकाल खाली येईल म्हणाले, शाळा सोडल्याचा दाखला हातात दिला.’ दुसरी म्हणाली, आमचापण नववीतच. आणखी एक मान हलवत होती. मला आमच्या भागातल्या शाळांच्या गेटवरचे फ्लेक्स आठवले. दहावीचा निकाल शंभर टक्के, खाली संचालकांचे हसरे फोटो. निकाल शंभर टक्के कसा लागतो, ते त्या बाकावर बसलेलं होतं.

आपण याला शिस्त म्हणतो. घरी बापाला मदत करून धावत येणारं पोरगं बाहेर ठेवायचं, गाडीने सोडलेलं आत घ्यायचं, आणि फरक विचारला तर नियम सगळ्यांना सारखा. अहो, तारांबळ सारखी आहे का सगळ्यांची?

दुपारी वहिनी बाहेर आल्या त्या साहिलला घेऊनच. मंडळाच्या मॅडमनी आईच्या हमीवर घरी सोडला होता. पण पुढच्या तारखेला शाळेचं बोनाफाईड आणायला सांगितलं होतं. मुलगा शाळेत जातोय हे दिसलं पाहिजे. नाही दिसलं तर पुढचं आपल्या हातात नाही, असं तिथल्या अधिकाऱ्याने वहिनींना बाजूला घेऊन नीट समजावलं होतं.

भिवंडीत बिर्याणी चांगली मिळते, स्वस्तही. साहिल मान खाली घालून जेवला. दुसरी प्लेट संपवून त्याने पहिलाच प्रश्न विचारला, काका, सहामाही झाली का? मी म्हटलं, हात धुऊन घे, शाळेत विचारायलाच चाललोय.

परत येऊन गाडी थेट शाळेत घातली. मुख्याध्यापक सभ्य माणूस, खुर्ची दिली, पाणी मागवलं. मग म्हणाले, मुलावर केस आहे, बाकीच्या पालकांना काय सांगू? त्याचं नाव सलग गैरहजेरीत काढून टाकलंय. सतरा नंबरचा फॉर्म भरा, बाहेरून परीक्षा देईल.

मी तोंड उघडणार, तेवढ्यात वहिनी बोलल्या. ‘बाहेरच होता ना तो, सर. बाहेर होता म्हनून तर पोलिसांना घावला.’

सर म्हणाले, वेळेची शिस्त तुम्ही लावायला हवी होती.

‘मी लावलीय. तो माझ्याआधी उठतो. तुमी कितीला उठता?’

सरांनी पाण्याचा ग्लास उगाच सरकवला. वहिनी खुर्चीवरून उठल्या आणि दाराशी जमिनीवर बसल्या. नाव रजिस्टरला चढल्याशिवाय उठणार नाही म्हणाल्या. मीही बसलो. पँट इस्त्रीची होती, पण बसलो. शाळा सुटायची वेळ झाली, शिक्षक आम्हाला ओलांडून जाऊ लागले. एक बाई जाता जाता हळूच म्हणाल्या, गणितात चांगलाय हो तो. सरांना ते ऐकू गेलं असावं. त्यांनी क्लार्कला हाक मारली.

बोनाफाईड टाईप झालं. वॉचमनने ड्रॉवर उघडून ओळखपत्रांचा गठ्ठा काढला, रबर लावलेला. साहिलचं काढून दिलं. वहिनींनी बाकीच्यांवर नजर टाकली. दोन चेहरे त्यांच्याच आळीतले निघाले. हात पुढे केला तर वॉचमन म्हणाला, ज्याचे पालक येतील त्यालाच.

घरी आलो तर बायको म्हणाली, कसली ही तुझी सहल, फोटो एक नाही. खरंच नाही. त्या रस्त्याने पाठ दुखतेय अजून. पण दुखतं त्यापेक्षा तो गठ्ठा जास्त टोचतोय. वकील, मंडळ, पोलीस हे सगळे नंतरचे थांबे आहेत. भिवंडीची ही वाट सुरू होते ती आपल्या घराजवळच्या गेटवर, आणि तिथे जायला पेट्रोलसुद्धा लागत नाही. तुमच्या शाळेच्या गेटवर उद्या सकाळी उभे राहून बघा, बाहेर कोण राहतं.

सोमवारी माझ्या टेंपोत खोकी भरली नाहीत. गावातल्या आया भरल्या. त्या दिवशी त्यांचा चाफा झाडावरच राहिला, दादरला गेला नाही. गेट नुकतंच बंद झालं होतं, पोरं बाहेर होती. वॉचमनने वहिनींना ओळखलं आणि कपाळाला हात लावला. तुमचा मुलगा तर आत आहे, तुम्ही आता कोणाचे पालक, असं त्याने विचारलं.

‘सगल्यांचे,’ वहिनी म्हणाल्या, आणि कडी स्वतःच काढली.